कर्तव्याच्या पलीकडचा हिशेब : 'सुपरएरोगेशन' या शब्दाविषयी

१

इंग्रजीतील 'सुपरएरोगेशन' हा शब्द आज क्वचितच कोणी वापरतो. नीतिशास्त्राच्या ग्रंथांत तो भेटतो, ख्रिस्ती धर्मशास्त्राच्या इतिहासात भेटतो आणि एकोणिसाव्या शतकातील इंग्रजी गद्य वाचताना अधूनमधून अडखळवतो. कोशात त्याचे दोन अर्थ दिलेले आढळतात. पहिला अर्थ : कर्तव्य म्हणून जेवढे करणे बंधनकारक आहे त्याहून अधिक सत्कृत्य करणे. दुसरा अर्थ : गरजेपेक्षा अधिक, म्हणून अनावश्यक, असे काही करणे. पहिल्या अर्थात गौरव आहे, तर दुसऱ्यात उपहास. एखाद्या व्हिक्टोरियन समीक्षकाने अमुक गोष्टीची प्रशंसा करणे हे 'सुपरएरोगेशनचे काम' ठरेल असे लिहिले, तर ती प्रशंसा निरर्थक आहे, तिची कोणालाच गरज नाही, एवढेच त्याला म्हणायचे असते. संतत्वाचे वर्णन करणारा शब्द निरर्थक खटाटोपाचे वर्णन कसे करू लागला, हा शब्दार्थाच्या इतिहासातील एक लहानसा प्रश्न आहे. परंतु या लहान प्रश्नाच्या पोटात एक मोठा नैतिक प्रश्न दडलेला आहे आणि प्रस्तुत लेखाचा रोख त्याच्याकडे आहे. कर्तव्याच्या पलीकडे 'चांगले' असे काही असते काय? असल्यास ते तसे आहे हे म्हणण्याचा अधिकार कोणाचा?

मराठीत या शब्दाला पर्याय शोधू लागलो म्हणजे अडचण अधिक स्पष्ट होते. 'कर्तव्यातीत', 'कर्तव्याधिक' असे तत्सम पर्याय घडवता येतात, पण ते परिभाषेच्या कोशातच राहतात. आपल्या परंपरेतील कर्मविचारात या कल्पनेसाठी एखादे तयार घर आहे काय हेही तपासून पाहता येईल. मीमांसकांनी केलेला नित्य, नैमित्तिक आणि काम्य हा कर्मविभाग सर्वपरिचित आहे. नित्यकर्म न केल्यास प्रत्यवाय घडतो. काम्यकर्म न केल्यास दोष नाही, केल्यास फळ आहे. केल्यास पुण्य, न केल्यास पाप नाही, ही सुपरएरोगेशनची आकृती काम्यकर्मात वरवर तंतोतंत बसते. परंतु काम्यकर्माच्या मुळाशी कर्त्याची स्वतःची कामना असते, आणि आपण ज्या कृत्यांविषयी बोलत आहोत ती दुसऱ्यासाठी केलेली असतात. दुसरीकडे निष्काम कर्माची कल्पना फळाची आसक्ती काढून घेते, पण कर्म मात्र कर्तव्याच्याच कक्षेत ठेवते. म्हणजे एका ठिकाणी 'अधिक' आहे पण दुसरा माणूस नाही, आणि दुसऱ्या ठिकाणी निरपेक्षता आहे पण 'अधिक' नाही. इंग्रजी शब्द ज्या जागेकडे बोट दाखवतो ती जागा या दोहोंच्या मध्ये कोठेतरी आहे.

२

शब्दाच्या व्युत्पत्तीकडे वळल्यास प्रथम जाणवते ती तिची व्यवहारी, किंबहुना खतावणीतली भाषा. लॅटिनमध्ये 'एरोगारे' म्हणजे खजिन्यातून पैसा खर्चासाठी काढून देणे. त्याच्या मुळाशी 'रोगारे', म्हणजे विचारणे, हा धातू आहे. सार्वजनिक पैसा लोकांना विचारून खर्च करावयाचा, हा संकेत त्यामागे आहे. त्याला 'सुपर' जोडले म्हणजे ठरलेल्या रकमेच्या वर खर्च करणे. या क्रियापदाला युरोपच्या इतिहासात जे स्थान मिळाले ते लूकच्या शुभवर्तमानातील दहाव्या अध्यायामुळे. चौथ्या शतकाच्या अखेरीस जेरोमने शुभवर्तमानांची जी लॅटिन संहिता सिद्ध केली तीत चांगल्या शोमरोन्याच्या दृष्टान्ताच्या शेवटी हे क्रियापद येते.

दृष्टान्त परिचित आहे. लुटारूंनी घायाळ करून टाकलेला एक माणूस रस्त्यात पडला आहे. एक याजक त्याला पाहून बाजूने निघून जातो, एक लेवीही तसाच जातो. ज्या जमातीशी यहुद्यांचा रोटीव्यवहार नाही अशा जमातीतला एक शोमरोनी मात्र थांबतो, जखमा बांधतो, त्याला आपल्या जनावरावर बसवून उतारशाळेत नेतो. दुसऱ्या दिवशी निघताना तो उतारशाळेच्या मालकाला दोन दिनार देतो आणि सांगतो की याची काळजी घे, याहून अधिक जे काही तुझे खर्च होईल ते मी परत येताना फेडीन. 'याहून अधिक खर्च करणे' यासाठी जेरोमने 'सुपरएरोगारे'चे रूप योजले आहे.

येथे एक गोष्ट लक्षपूर्वक पाहिली पाहिजे, कारण पुढील सर्व इतिहासात तिच्याकडे दुर्लक्ष झालेले आहे. शोमरोन्याचे औदार्य हा या शब्दाचा मूळ विषय असल्याचे आपण गृहीत धरतो. व्याकरण मात्र वेगळे सांगते. या क्रियापदाचा कर्ता शोमरोनी नाही. उतारशाळेचा मालक आहे. ठरलेल्या दोन दिनारांच्या वर जो खर्च करील तो मालक. आणि त्या अधिक खर्चाविषयी मूळ वाक्य जे म्हणते ते स्तुती नव्हे, परतफेडीचे वचन आहे. म्हणजे या शब्दाच्या उगमस्थानी 'अधिक' करणारा एक सामान्य व्यावसायिक आहे, आणि त्याचे अधिक हे कोणीतरी आपले देणे मानलेले आहे.

इंग्रजी बायबलच्या १६११ च्या प्रसिद्ध भाषांतरात या ठिकाणी 'अधिक खर्चशील ते' अशा अर्थाचे साधे शब्द आले. मराठी भाषांतरातही साधाच खर्च आहे. त्यामुळे सुपरएरोगेशन हा शब्द बायबलच्या सामान्य वाचकापर्यंत पोचलाच नाही. तो धर्मशास्त्राच्या वादात अडकून राहिला. मध्ययुगीन पंडितांनी आज्ञा आणि उपदेश असा भेद केला. आज्ञा सर्वांना बंधनकारक. दारिद्र्य, ब्रह्मचर्य, आज्ञाधारकता हे उपदेश मात्र ज्यांना पूर्णत्व हवे त्यांच्यासाठी. जो उपदेश पाळतो तो देण्यापेक्षा अधिक देतो, आणि त्याच्या खात्यावर पुण्य शिल्लक पडते. १३४३ मध्ये पोप सहावा क्लेमेंट याच्या फर्मानाने चर्चच्या 'पुण्यभांडारा'च्या कल्पनेला अधिकृत मान्यता मिळाली. ख्रिस्ताचे आणि संतांचे शिलकी पुण्य त्या भांडारात जमा. चर्चने ते गरजू पाप्यांना वाटावयाचे. पुढे या वाटपाचा बाजार झाला आणि १५१७ मध्ये मार्टिन ल्यूथरने त्याविरुद्ध आवाज उठवला, तो इतिहास येथे सांगण्याची आवश्यकता नाही.

प्रॉटेस्टंटांनी केवळ बाजारावर नव्हे, तर मूळ कल्पनेवरच आघात केला. १५७१ मध्ये अंतिम रूप मिळालेल्या इंग्लंडच्या चर्चच्या ३९ कलमांतील चौदावे कलम या शब्दाचे नाव घेऊनच लिहिलेले आहे. आज्ञेपेक्षा अधिक सत्कृत्ये करता येतात असे शिकवणे हा उद्धटपणा आणि अधर्म होय, असे ते बजावते. त्याला आधार पुन्हा लूकचाच, सतराव्या अध्यायाचा : सर्व आज्ञा पाळून झाल्यावरही आपण निरुपयोगी दास आहोत असेच म्हणावे. देवाचे देणे कधी फिटतच नसेल तर वर शिल्लक पडणार कोठून? त्यानंतरच्या काळात शब्द हास्यास्पद होत गेला यात नवल नाही. १५९३ मध्ये गॅब्रिएल हार्वी याने टॉमस नॅशशी चाललेल्या वाग्युद्धात आपल्या पुस्तिकेच्या शीर्षकातच हा शब्द वापरला. नॅशच्या १५९२ च्या पुस्तिकेतील 'पिअर्स' या पात्रनामाला तो चिकटवून दिला. धर्माचा शब्द शिवीगाळीच्या कामी आला. उपहासाचा जो अर्थ कोशात दुसरा म्हणून नोंदलेला आहे त्याची मुळे, माझ्या समजुतीप्रमाणे, या धर्मसुधारणेत आहेत. ज्या समाजाने 'कर्तव्याहून अधिक' ही जागाच नाकारली त्याला 'अधिक' म्हणजे 'फाजील' एवढेच दिसणार.

३

तत्त्वज्ञानात हा वाद देवाशिवाय पुन्हा खेळला गेला. इमॅन्युएल कांट याचा कल स्पष्टपणे कर्तव्याकडे आहे. १७८८ च्या 'व्यवहारी बुद्धीच्या चिकित्से'त तो मुलांच्या नैतिक शिक्षणाचा विचार करताना भावुक लेखनातील उदात्त, अतिपुण्यशील कृत्यांच्या उदाहरणांविषयी सावध करतो. अप्राप्य पूर्णत्वाची पोकळ ओढ लागली म्हणजे कादंबरीतले नायक तयार होतात आणि ते रोजच्या सामान्य देण्यांतून स्वतःची सुटका करून घेतात, असा त्याचा इशारा आहे. त्याला जोडलेल्या एका टीपेत तो आणखी पुढे जातो. ज्याला आपण औदार्य समजतो त्यावर थोडा विचार केला तर आपण मानवजातीचे कसले ना कसले ऋण लागतो हे दिसून येईल. निदान एवढे तरी, की समाजव्यवस्थेतील विषमतेमुळे आपल्याला काही लाभ मिळतात आणि त्यापायी इतरांना वंचित राहावे लागते. ही टीप साहित्याच्या अभ्यासकाने विसरू नये अशी आहे. औदार्याच्या कथा आपल्याला हव्याशा का वाटतात, याचे एक अप्रिय उत्तर तीत आहे.

याच्या विरुद्ध बाजूला जॉन स्टुअर्ट मिल आहे. ऑग्युस्त कोंतवरील १८६५ च्या ग्रंथात त्याने कोंतवर असा आक्षेप घेतला की, जे कर्तव्य नाही ते पापच असे मानण्याची जी चूक कॅल्व्हिनपंथीयांनी केली तीच हा मानवतेचा उपासक करतो आहे. मिलच्या मते कर्तव्य आणि पाप यांच्यामध्ये एक मोकळा प्रदेश असतो. तेथे जे चांगले घडते ते सक्तीने घडत नाही, आणि म्हणूनच त्याला मोल असते.

विसाव्या शतकात या विषयाला नवी चालना दिली ती जे. ओ. अर्म्सन यांच्या 'संत आणि वीर' या १९५८ च्या निबंधाने. साथीने ग्रासलेल्या दूरच्या शहरात स्वेच्छेने जाणारा डॉक्टर आणि सोबत्यांना वाचवण्यासाठी जिवंत हातगोळ्यावर स्वतःला झोकून देणारा सैनिक ही त्यांची उदाहरणे. कर्तव्य, अनुज्ञा आणि निषेध या तीनच कप्प्यांत ही कृत्ये बसत नाहीत, असे त्यांचे प्रतिपादन आहे. त्यांचे सर्वांत मार्मिक निरीक्षण मात्र वेगळे आहे. तो डॉक्टर परत आल्यावर 'मी फक्त माझे कर्तव्य केले' असे म्हणू शकतो, आणि आपण ते विनयाचे बोलणे समजतो. पण तो गेलाच नसता तर 'तू कर्तव्यात चुकलास' असे कोणीही त्याला म्हणू शकले नसते. डेव्हिड हेड यांनी १९८२ मध्ये या संकल्पनेवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला तेव्हा ती नीतिशास्त्रात पुन्हा स्थिर झाली होती.

तिला सर्वांत कठोर आव्हान पीटर सिंगर यांनी १९७२ मध्ये दिले. त्या निबंधाची पार्श्वभूमी आपल्या परिचयाची आहे : १९७१ मध्ये पूर्व बंगालमधून भारतात आलेले निर्वासितांचे लोंढे. उथळ तळ्यात बुडणारे मूल कपडे खराब होतील म्हणून आपण बुडू देणार नाही. मग दूर अंतरावर उपासमारीने मरणाऱ्या माणसाला दिलेली मदत 'दानधर्म' का ठरावी? तिला औदार्य म्हणणे ही श्रीमंतांनी स्वतःसाठी करून घेतलेली सोय आहे. ते कर्तव्यच आहे, असा सिंगर यांचा निष्कर्ष आहे.

दोन्ही बाजू समोर ठेवल्या म्हणजे पेच लक्षात येतो. सुपरएरोगेशनचा कप्पा बंद करावा तर देणगी, क्षमा, मैत्री या साऱ्यांचे रूपांतर वसुलीत होते. माणसाला कोणी काही देऊच शकत नाही, फक्त फेडू शकतो. कप्पा उघडा ठेवावा तर ज्यांना देणे टाळावयाचे आहे ते आपली सगळी देणी हळूहळू त्या कप्प्यात सरकवतात, आणि मग फेड करताना दानशूर म्हणून मिरवतात.

४

हा पेच साहित्याने कसा हाताळला आहे हे पाहणे उपयुक्त ठरेल. शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'ची सुरुवातच एका हिशेबाने होते. मोठ्या दोघी मुली सर्व मापांच्या पलीकडचे प्रेम असल्याचे घोषित करतात. कॉर्डेलिया मात्र आपण बंधनाप्रमाणे प्रेम करतो, त्याहून अधिक नाही आणि उणेही नाही, असे सांगते. या उत्तरातील कोरडेपणावर समीक्षकांनी पुष्कळ लिहिले आहे. आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट अशी की ज्या दरबारात 'अधिक' हे बोलून दाखवण्याचे नाणे झाले आहे तेथे प्रामाणिक माणसाला कर्तव्याच्या भाषेचाच आश्रय घ्यावा लागतो.

दुसऱ्या अंकात हिशेब उलटा फिरतो. लिअरच्या शंभर सरदारांचे पन्नास, पन्नासाचे पंचवीस, मग दहा, पाच आणि शेवटी एकाची तरी गरज काय, असा प्रश्न मुली विचारतात. गॉनरिलचे पन्नास हे पंचविसाच्या दुप्पट, म्हणजे तिचे प्रेम रीगनच्या दुप्पट, असे गणित लिअरही मांडून बघतो. त्यानंतर त्याचे जे भाषण येते त्यात तो गरजेचा हिशेब मांडू नका असे म्हणतो. अगदी दरिद्री भिकाऱ्यापाशीही एखादी वस्तू गरजेपेक्षा अधिक असते, आणि निसर्गाला लागते तेवढेच माणसाला दिले तर त्याचे जिणे पशूइतके स्वस्त होईल, असा त्याचा आशय आहे. कोशातील दोन अर्थ येथे एकमेकांना भिडतात. मुलींना जे 'फाजील' दिसते ते म्हाताऱ्याला माणूसपणाचे लक्षण वाटते.

परंतु या नाटकातील खरे अधिक कृत्य राजघराण्यातल्या कोणाचे नाही. ग्लॉस्टरचे डोळे काढले जात असताना कॉर्नवॉलचा एक बिननावाचा नोकर मध्ये पडतो. आपण लहानपणापासून तुमची सेवा केली, पण थांबा म्हणण्याइतकी चांगली सेवा आजवर केली नव्हती, असे तो धन्याला सुनावतो. धन्यावर प्राणांतिक वार करतो आणि रीगनच्या हातून मारला जातो. त्याच्याकडून हे कोणी मागितले नव्हते. मागणारा कोणी तेथे नव्हताच. तरीही तो स्वतः जो शब्द वापरतो तो 'सेवा' हाच आहे. तो कर्तव्याच्या पलीकडे गेलेला नाही. त्याने कर्तव्याची हद्दच पुढे सरकवली आहे. अर्म्सन यांच्या डॉक्टरच्या तोंडी असलेले वाक्य साडेतीनशे वर्षे आधी या नोकराने उच्चारलेले आहे.

यानंतर आणखी दोन नोकर रक्ताळलेल्या चेहऱ्यासाठी जवस आणि अंड्याचा पांढरा बलक आणण्याविषयी बोलतात. हा लहानसा संवाद १६०८ च्या क्वार्टो प्रतीत आहे, १६२३ च्या फोलिओत नाही. पीटर ब्रुक यांनी १९६२ च्या आपल्या गाजलेल्या प्रयोगातही तो गाळला होता. कथानकाच्या दृष्टीने तो अनावश्यकच आहे. तो नसला तरी पुढचे काही अडत नाही. परंतु जवस आणि बलक आणणारी माणसे त्या घरात होती की नव्हती, यावर त्या नाटकातले जग कसे आहे हे ठरते. संहितेतला हा 'अधिक' भाग ठेवायचा की गाळायचा, हा निर्णय संपादकीय जेवढा आहे तेवढाच नैतिकही आहे.

आणि कॉर्डेलिया? चौथ्या अंकात ती परत येते ती कोणत्याही बंधनाने बांधलेली नसताना. बापाने तिला नाकारले आहे, हुंडा दिलेला नाही. तुझ्या बहिणींना नव्हते, पण तुला माझा द्वेष करण्याचे कारण आहे, असे लिअर म्हणतो तेव्हा असे काहीही कारण नाही, एवढेच ती उत्तर देते. हे उत्तर वस्तुतः खोटे आहे, कारण आहे. पण ते कबूल करणे म्हणजे आपल्या येण्याला क्षमेची, म्हणजे शिलकीची, किंमत लावणे. ज्या मुलीने पहिल्या प्रवेशात हिशेब नेमका सांगितला तीच येथे हिशेबाची वही मिटते.

आल्बेर काम्यूच्या १९४७ च्या 'प्लेग' या कादंबरीत हीच गोष्ट निवेदनाच्या पातळीवर घडते. साथीत स्वच्छतापथके उभी करणाऱ्या लोकांचा गौरव करण्यास निवेदक नकार देतो. सत्कृत्यांना फार महत्त्व दिले तर ती दुर्मिळ असतात आणि वाईटपणा हाच नियम असतो, असे आपण अप्रत्यक्षपणे मान्य करतो, असा त्याचा युक्तिवाद आहे. दोन अधिक दोन चार हे शिकवल्याबद्दल मास्तरचे कोणी अभिनंदन करीत नाही, हे त्याचे उदाहरण. हा निवेदक म्हणजेच डॉक्टर रिये, हे आपल्याला अखेरीस कळते. म्हणजे प्रशंसेला नकार देणारा तो स्वतःच 'अधिक' करणारा आहे. त्याच कादंबरीत रांबेर हा परगावचा पत्रकार शहरातून निसटून आपल्या प्रेयसीकडे जाऊ पाहतो. रिये त्याला एका शब्दाने दोष देत नाही. सुखाची निवड करण्यात लाज वाटण्याचे कारण नाही असेच सांगतो. रांबेर मात्र अखेर थांबतो, कारण एकट्याने सुखी होण्यात लाज वाटावी असे काही असू शकते असे त्याला वाटते. रिये जे मागत नाही ते रांबेर स्वतःपाशी मागतो. दोघेही बरोबर आहेत, आणि त्यांनी परस्परांच्या जागा घेतल्या असत्या तर दोघेही चुकले असते.

५

यावरून मला जे म्हणावयाचे आहे ते असे : सुपरएरोगेशन हा कृत्याचा गुण नव्हे, तो कोण कोणाविषयी बोलतो आहे यावर अवलंबून असलेला शब्द आहे. कर्त्याच्या तोंडी तो आला की कृत्यातले 'अधिक' नाहीसे होते आणि उपकाराचा ताळेबंद सुरू होतो; चौदाव्या कलमातील उद्धटपणाचा आरोप येथे यथार्थ आहे. तिऱ्हाइताच्या तोंडी तो शोभतो, कारण 'हे मी तुझ्याकडून मागू शकत नव्हतो' ही कबुली त्यात असते. मिलचे म्हणणे येथे खरे ठरते. पण एक तिसरे स्थान आहे, आणि या वादात त्याची चर्चा मला पुरेशी झालेली दिसत नाही. ते म्हणजे लाभ घेणाऱ्याचे, त्यातही ज्याच्याकडे फेडण्याचे सामर्थ्य आहे अशा लाभधारकाचे. त्याच्या तोंडी हा शब्द आला की तो गौरवाच्या मिषाने देणे बुडवण्याचे साधन होतो.

हे मला पुस्तकातून कळलेले नाही. काही वर्षांपूर्वी मी ज्या महाविद्यालयात शिकवीत होतो तेथे एक बाई तासिका तत्त्वावर मराठी शिकवीत. वर्षानुवर्षे त्या संध्याकाळी थांबून, ज्यांच्या घरात लिहिण्यावाचण्याची ही पहिलीच पिढी होती अशा मुलामुलींचे निबंध तपासून देत. ते तास कोणत्याही पत्रकात नव्हते. त्यांच्या जागी दुसरी नेमणूक झाली तेव्हा निरोपसमारंभात मी भाषण केले आणि त्यांचे काम कर्तव्याच्या कितीतरी पलीकडचे होते असे म्हणालो. टाळ्या पडल्या. नंतर चहाच्या वेळी त्या मला म्हणाल्या, "सर, मला ते काम जास्तीचं असं कधी वाटलं नाही. पण तुम्हाला ते जास्तीचं वाटत होतं, तर तसं कुठंतरी कागदावर लिहायला हवं होतं." मी त्या वेळी विभागाचा प्रमुख होतो. तसा कागद लिहिण्याचा अधिकार मला होता. शाल आणि श्रीफळ यांऐवजी तो कागद त्यांना पुढच्या मुलाखतीत उपयोगी पडला असता, हे मला त्या क्षणापर्यंत सुचलेही नव्हते.

व्यक्तिगत अनुभवातून सार्वजनिक निष्कर्ष काढू नयेत हे खरे. पण येथे सार्वजनिक उदाहरण शोधावे लागत नाही. २२ मार्च २०२० रोजी सायंकाळी पाच वाजता देशभर टाळ्या आणि थाळ्या वाजल्या. साथीत काम करणाऱ्यांना वीर म्हटले गेले, आणि ते वीर होतेही. त्यांच्यापैकी आशा कार्यकर्त्यांची योजना २००५ पासूनची. त्यांची गणना कर्मचाऱ्यांत नव्हे, स्वयंसेविकांत करण्यात आली. त्यांना मिळते ते वेतन नव्हे, मोबदला आणि मानधन. जून २०२१ मध्ये महाराष्ट्रातील आशा कार्यकर्त्यांना त्यासाठी संप करावा लागला. मे २०२२ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने त्यांचा जागतिक पातळीवर गौरव केला. 'मानधन' या शब्दाकडे भाषेच्या अभ्यासकाने थांबून पाहावे. ज्यात मान आहे त्यात धन कमी असले तरी चालते, असा त्याचा व्यवहारातील अन्वय आहे. तासिका तत्त्वावरील अध्यापकालाही मिळते ते मानधनच. जे मागितले जाते, ज्यावाचून व्यवस्था चालत नाही, ते 'स्वेच्छेने केलेले अधिक' म्हणून नोंदवले की ते देणे राहत नाही. कांटच्या टीपेतील वंचितांचे ऋण असे नुसत्या शब्दांच्या बळावर औदार्य होऊन बसते, आणि विशेष म्हणजे ते औदार्य वंचितांच्याच नावे मांडले जाते.

यावर असा आक्षेप येऊ शकेल की हा शब्दाच्या वापराचा दोष झाला, संकल्पनेचा नव्हे. आणि गौरव केल्याने देणे बुडते असे नाही, दोन्ही एकत्र असू शकतात. आक्षेपाचा दुसरा भाग मला मान्य आहे. शोमरोन्याने दोन्ही केले. पहिला भाग मात्र मान्य करणे कठीण आहे. कर्तव्याची हद्द कृत्याच्या आधी आखून ठेवलेली नसते. ती कोणीतरी आखतो, आणि बहुधा ज्याला ती सोयीची आहे तोच आखतो. म्हणून 'हे कर्तव्याच्या पलीकडचे' असे म्हणताना आपण वर्णन करीत नाही. निवाडा देत असतो. निवाड्यात न्यायाधीशाचा हितसंबंध असेल तर तो आधी सांगणे प्राप्त आहे.

६

शेवटी पुन्हा भाषांतराच्या प्रश्नाकडे. तत्सम पर्यायांपेक्षा मराठीतील एक घरगुती शब्द मला मूळ अर्थाच्या अधिक जवळचा वाटतो : पदरमोड. दुसऱ्याच्या किंवा सर्वांच्या कामासाठी स्वतःच्या गाठीचे खर्च करणे, हा त्याचा अर्थ. लॅटिन क्रियापदाप्रमाणे तोही पैशाच्या व्यवहारातून आलेला आहे. अमक्याने पदरमोड करून वाचनालय चालवले असे आपण म्हणतो तेव्हा त्यात आदर असतो, पण त्याच वाक्यात एक बोचही असते. हा खर्च खरे तर दुसऱ्या कोणीतरी करायला हवा होता, हे पदरमोड या शब्दाला विसरता येत नाही. शिवाय तो शब्द कर्ता स्वतःविषयी सहसा वापरत नाही. वापरलाच तर ऐकणाऱ्याला ते तक्रारीसारखे लागते. संतत्वाचा सुगंध त्याला नाही, आणि सैनिकाने हातगोळ्यावर घेतलेली उडी त्यात मावणार नाही हेही उघड आहे. तरीही ज्या 'अधिका'शी आपला रोज संबंध येतो त्याला तो पुरेसा आहे.

त्या उतारशाळेच्या मालकाने दोन दिनारांच्या वर किती खर्च केला, शोमरोनी परत आला की नाही, हे लूकने सांगितलेले नाही. दृष्टान्त ऐकवून झाल्यावर जाऊन तसेच कर असे येशू समोरच्या शास्त्र्याला सांगतो, म्हणजे शोमरोन्यासारखे वागणे ही आज्ञाच होते. मालकाविषयी तेथे एक शब्दही नाही. त्याच्याविषयी आहे ते फक्त आधी दिलेले वचन : जे अधिक होईल ते मी फेडीन.